बिशपसाहेबांचा तिसरा मुद्दा

किस्से कुणी मुद्दाम गोळा करत नाही हो. नंदुरबार म्हणजे मिरचीचं गाव. इथे ज्याच्याकडे चारचाकी आहे, त्याच्या सीटखाली कधी ना कधी दोन-चार वाळक्या मिरच्या सापडतातच. कोणी टाकल्या, कधी टाकल्या, पत्ता नसतो. एक काढायला हात घालावा तर मागून आणखी निघतात. आमच्या बंगल्यातले किस्से असेच साठलेत.

बंगला म्हणजे बिशपचा बंगला, आणि बिशप म्हणजे माझे दाजी, थोरल्या बहिणीचे यजमान. मी एसटीतला रिटायर ड्रायव्हर. नाव दानियल, पण आक्का मला दान्याच म्हणते. मी रिटायर झालो तसा तिचा फोन आला, "घर बठीसन काय करशी? अठे ये, जीप चालाड." तेव्हापासून जीप माझ्या ताब्यात आणि जीपमधले बिशपही.

आम्ही धानोऱ्याचे. घरात अहिराणी. दाजी नगरकडचे, त्यांचं मराठी एकदम शुद्ध! पहिल्यांदा मुलगी बघायला आले आणि अंगणात उभं राहून म्हणाले, "नमस्कार, आपणच या घराचे प्रमुख का?" बाबांना वाटलं, जमिनीची मोजणी करायला साहेब आला. बाबांनी त्याच उन्हाळ्यात शेताचा बांध थोडा सरकवला होता. ते मागच्या दाराने जे गेले ते दिवेलागणीला परत आले. तोवर आक्काने होकार देऊन टाकला होता!

आता मुद्द्याचं बोलतो. दाजी ज्या कॉलेजात पाळक व्हायला शिकले, तिथे त्यांना एक शिस्त लागली. प्रवचनात मुद्दे तीनच. पहिला, शास्त्रात काय लिहिलंय. दुसरा, त्याचा अर्थ काय. तिसरा, आपण घरी जाऊन काय करायचं. दाजींचे पहिले दोन मुद्दे सावकाश चालायचे, आमच्या घाटातल्या गाडीसारखे. आणि तिसरा मुद्दा आला की काहीतरी व्हायचंच. बिशप म्हणून दाजींची सगळी कारकीर्द झाली, पण जिल्ह्यात तिसरा मुद्दा ऐकलेला एक माणूस नाही! रिटायरमेंट जवळ आली तसं त्यांना त्याचं फार लागून राहिलं. निदान एक प्रवचन तरी पुरं व्हावं, एवढीच त्यांची इच्छा होती.

*

सुरुवात झाली ती दाजी बिशपच्या गादीवर बसले त्या दिवशीच.

आमची मंडळी अँग्लिकन वळणाची. म्हणजे झगा, उंच टोपी, मेंढपाळाची वाकडी काठी, कधी उठायचं, कधी बसायचं, सगळं नियमाने. नवा बिशप आला की चर्चचं मोठं दार आतून बंद करतात. बिशप बाहेरून काठीने तीनदा ठोकतो. मग दार उघडून त्याला वाजतगाजत आत घेतात.

दाराशी होते चौकीदार सायमनकाका. त्यांना बजावलं होतं, "एकदा दार लावलं की बिशपसाहेब येईपर्यंत कोणालाही आत सोडायचं नाही." पण बिशप स्वतःच दार ठोकणार आहे, हे सांगायचं राहून गेलं. काकांची समजूत, बिशप येईल तो हॉर्न वाजवत.

दाजींनी ठोकलं. आत बँडचा एवढा दणका की दाराशी उभ्या काकांशिवाय कोणालाच ते ऐकू गेलं नाही. आतून आवाज आला, "कोन शे?"

दाजींनी पुस्तकात होतं तसं उत्तर दिलं, "मी प्रभूचा सेवक. आत येऊ इच्छितो."

"अठे समदा सेवकच शेतस, भाऊ! बिशपसाहेब येवाना शेतस. आत जागा नही!"

दाजींनी पुन्हा ठोकलं. काका वैतागले. "एक डाव सांगं ना! मांगला दरवाजाथीन ये. आनी चपला बाहेर काढ!"

दाजी भांडणारे नाहीत. वळसा घालून मागे गेले. मागे वरण-बट्टीचा स्वयंपाक चालला होता. त्या वाफेतून, टोपी सांभाळत, चपला काढून आत शिरले आणि गुपचूप आपल्या खुर्चीवर बसले. सगळी मंडळी हार घेऊन, पाठ फिरवून, मोठ्या दाराकडे बघत उभी! बराच वेळ गेला. बँडवाले दमले. मग वाट बघून कंटाळलेलं एक पोरगं मागे वळलं आणि ओरडलं, "ओ, तो बिशप ते कव्हयना बठेल शे!"

मग हारतुरे, पाहुण्यांची भाषणं, आणि शेवटी दाजींचं पहिलं प्रवचन. दुसरा मुद्दा संपला, दाजींनी चष्मा पुसला आणि "तिसरा मुद्दा" एवढं म्हणतात तोच मागच्या दारातून आचाऱ्याचं डोकं आत आलं. "बट्टी थंडी व्हई ऱ्हायनी!"

चर्च रिकामं झालं. चौकीदारासकट.

*

आमच्याकडे कापणीचा सण असतो. शेतात जे पिकलं त्यातलं पहिलं आणून चर्चमध्ये ठेवायचं. भोपळे, ज्वारी, कोंबड्या, पपया. उपासना झाली की त्याचा अंगणात लिलाव. धानोऱ्याजवळच्या एका खेड्यात हा लिलाव पुकारायला दरवर्षी शांतीलालशेठ यायचे. कापडाचे व्यापारी, घराणं मूळचं राजस्थानातलं, चर्चशी संबंध एवढाच की आवाज मोठा आणि माणूस हौशी.

त्या वर्षी दुसरा मुद्दा चालू असतानाच बांधलेल्या कोंबड्यांनी असा कालवा केला की मंडळीच्या पंचांपैकी एक जण येऊन दाजींच्या कानात म्हणाला, "साहेब, तिसरा मुद्दा लिलाव व्हयना का मंग घ्या. तवलोंग कोंबड्या जातीन."

दाजी मान डोलावून खाली बसले. कोंबड्या गेल्या, भोपळे गेले. अंगण जरा शांत झालेलं बघून दाजींना वाटलं, आता आपली वेळ. ते उभे राहिले आणि लोकांनी गप्प बसावं म्हणून उजवा हात वर केला.

नेमक्या त्याच वेळी शांतीलालशेठने गाडाभर ओल्या लाल मिरच्यांचा लिलाव पुकारला होता!

"बिशपसाहेब, एक बार!"

दाजींनी 'नाही नाही' म्हणून हात आणखी उंच केला.

"बिशपसाहेबांनी वाढवला! दो बार!"

दाजींनी दोन्ही हात वर केले. आणि बिशपच्या वर बोली लावणार कोण? लोक मान खाली घालून उभे. काहींना वाटलं आशीर्वाद चाललाय, ते "आमेन" म्हणाले. त्या आमेनवरच शेठने लिलाव तोडला.

मिरच्या बंगल्यावर आल्या. ओल्या मिरच्या ठेवून चालत नाही, वाळवाव्या लागतात. अंगण लाल झालं, गच्ची लाल झाली, व्हरांडाही लाल झाला. आक्का तोंडाला पदर बांधून मिरच्या परतायची आणि दाजींकडे असं बघायची की ते अभ्यासाच्या खोलीतून बाहेर येईनात. त्याच आठवड्यात आमच्या कमिटीची मीटिंग बंगल्यात होती. कमिटीत दोन गट, एकमेकांचं तोंड न बघणारे. दाजींनी प्रार्थनेने सुरुवात केली आणि वाऱ्याची एक झुळूक आत आली. सगळ्यांच्या डोळ्यांतून धारा! बाहेरून आलेले एक मोठे पाहुणे निघताना मला म्हणाले, "एवढी एकदिलाने रडणारी कमिटी मी कुठेच बघितली नाही."

*

अक्कलकुव्याच्या पुढे गुजरातची हद्द. पलीकडच्या एका गावात उपासना होती, म्हणून निघालो होतो. प्रभुभोजनाचा द्राक्षरस, म्हणजे उपासनेत सगळ्यांना घोटघोट देतात तो, आक्का घरीच करते, मनुका उकळून. त्या दिवशी तिने तो टॉनिकच्या जुन्या बाटलीत भरला होता. गुजरातेत दारूबंदी. नाक्यावर पोलिसाने जीप थांबवली, पिशवी बघितली, बाटली काढली, वास घेतला.

"आ शुं छे?"

मी म्हणणार होतो, 'मनुकांचं पाणी.' विषय तिथेच मिटला असता. पण प्रश्न दाजींना विचारला होता ना! दाजी खाली उतरले, जांभळ्या शर्टाची कॉलर नीट केली आणि म्हणाले, "याचं उत्तर तीन मुद्द्यांत देता येईल."

पोलीस भला माणूस. त्याने खुर्चीही दिली. दाजींनी पहिला मुद्दा घेतला. मागे ट्रकांची रांग लागली. दाजी दुसऱ्या मुद्द्यात शिरले. एक ट्रकवाला खाली उतरून माझ्याजवळ आला आणि म्हणाला, "भैया, इनको पकडा है या इन्होंने पकडा है?"

दुसरा मुद्दा संपला. पोलिसाने बाटलीचं बूच स्वतःच्या हाताने घट्ट लावलं, ती पिशवीत ठेवली, पिशवी जीपमध्ये ठेवली आणि हात जोडले. "जाव बापा, जाव!"

मैलभर पुढे गेल्यावर दाजींनी मागे वळून नाक्याकडे बघितलं. मग म्हणाले, "दानियल, त्याने तिसरा मुद्दा ऐकायला हवा होता. त्याच्याच उपयोगाचा होता."

*

चिंचपाड्याकडची एक आजी आहे. तिला मी कधी विसरणार नाही.

लहानपणी बाप्तिस्मा झालेल्या माणसाने मोठं झाल्यावर विश्वास स्वतःच्या तोंडाने कबूल करायचा, आणि बिशपने त्याच्या डोक्यावर दोन्ही हात ठेवून प्रार्थना करायची. याला दृढीकरण म्हणतात. जन्मात एकदाच होतं ते. पोरंपोरी नवे कपडे घालून रांगेत गुडघे टेकतात.

या रांगेत ही आजी दरवर्षी! पांढरं लुगडं नेसून, सोळा-सतरा वर्षांच्या पोरांच्या मधोमध. दाजी डोळे मिटून प्रार्थना करत पुढे सरकत, त्यामुळे पहिली काही वर्षं त्यांच्या लक्षातच आलं नाही. एकदा हाताला विरळ झालेले केस लागले म्हणून डोळे उघडले.

"आजी, आपलं दृढीकरण पूर्वी झालं आहे ना?"

"व्हयना ना, साहेब. तुम्हीच ते करं."

"मग पुन्हा कशासाठी?"

आजीने वर बघितलं. "मागला सालनं उतरी गयं ना!"

दाजींनी पुस्तक मिटून काखेत धरलं आणि दोन्ही हात तिच्या डोक्यावर ठेवले. इतरांपेक्षा जरा जास्तच वेळ ठेवले. शास्त्रात हे बसतं का, ते मला विचारू नका. पुढच्या वर्षी आजीने बहिणीलाही आणलं.

*

एका रविवारी संध्याकाळी दाजींनी मला व्हरांड्यात बसवलं. सकाळी लाईट गेली होती, माईक बंद पडला होता, आणि तिसरा मुद्दा पुन्हा राहिला होता. म्हणाले, "दानियल, तू तरी ऐक. बस इथे."

मी बसलो. पण मी एसटीतला माणूस. इंजिन बंद झालं की मिळेल तेवढी झोप घ्यायची, ही सवय हाडात मुरलेली. आणि दाजींचा आवाज असा शांत! मला जाग आली तेव्हा दाजी कागद घडी करत होते.

"झाला का तिसरा मुद्दा?" मी विचारलं.

"तुझं घोरणं सुरू झालं तिथेच थांबलो."

मला हसू आलं, पण त्यांना आलं नाही. ते म्हणाले, "पहिले दोन मुद्दे मी मोठमोठ्या लोकांच्या पुस्तकांतून काढतो रे. तिसरा तेवढा माझा स्वतःचा असतो. इतकी वर्षं या जिल्ह्यात बोलतोय, पण माझं स्वतःचं असं इथे कोणी काही ऐकलेलंच नाही. तुझ्या बहिणीनेसुद्धा."

मला वाईट वाटलं. मी आत जाऊन आक्काला सांगितलं. आक्का भाकरी थापत होती. म्हणाली, "मी काय पाठ फिराईसन बठेल शे का? घरमा बी ते दोनच मुद्दा बोलतस. जेवाले वाढ, आनी चष्मा कोठे शे!"

*

आणि हा शेवटचा दौरा. त्यानंतर दाजी रिटायर होणार होते.

सातपुड्यात, जीप जेमतेम चढते अशा एका खेड्यात शेवटची उपासना ठेवली होती. दाजींनी महिनाभर तयारी केली. लाईटचा प्रश्न नव्हता, कारण माईकच नव्हता. कोंबड्या बांधलेल्या नव्हत्या. जेवण उपासना संपल्यावरच शिजवायचं, अशी आक्काने ताकीद दिली होती. आता तिसरा मुद्दा अडवणारं काही उरलंच नव्हतं.

आणि निघायच्या आदल्या दिवशी दाजींचा घसा बसला!

निरोपाचे कार्यक्रम, धूळ, गरम-थंड, काय झालं कोण जाणे. सकाळी तोंड उघडलं तर नुसती हवा. आक्काने हळद दिली, ज्येष्ठमध दिला, गुळण्या करायला लावल्या. थोडी खरखर परत आली. एवढ्यावर आम्ही डोंगर चढलो.

त्या गावात पावरी बोलतात. दाजींना पावरी येत नाही. मला 'चल' आणि 'थांब' एवढीच येते, तीही एसटीमुळे. आक्का लग्नाआधी याच डोंगरातल्या दवाखान्यात नर्स होती, तिला मात्र सगळी येते. दाजींचं प्रवचन पावरीत करून सांगायला तिथले वेस्ताबाबा उभे राहायचे. शेतकरी माणूस, मंडळीतले जुने पंच. दाजींचा घसा ऐकून ते म्हणाले, "साहेब, काळजी नका करू. तुम्ही तोंड हालाडा. बाकीनं मी देखी लेस."

चर्चमध्ये माणूस मावत नव्हता. दाजी वेस्ताबाबांच्या कानाशी कुजबुजायचे आणि बाबा पावरीत सांगायचे. पहिला मुद्दा झाला. दुसरा झाला. मी दाराकडे बघितलं. कोणी येत नव्हतं. बाहेर एक कुत्रंही भुंकत नव्हतं.

दाजींनी चष्मा पुसला. तोंड उघडलं. ओठ हलले, 'तिसरा मुद्दा', एवढं दिसलं. ऐकू काहीच आलं नाही. पुन्हा प्रयत्न केला, गळ्याच्या शिरा फुगल्या, पण आवाज संपला होता.

मी मान खाली घातली. माझ्याच्याने त्यांच्याकडे बघवेना.

तेवढ्यात वेस्ताबाबांनी घसा खाकरला आणि पावरीत सुरुवात केली!

दाजी चकित. पण सगळ्यांसमोर अडवायचं कसं? आणि अडवायला आवाज कुठला? बाबा मध्येमध्ये थांबायचे आणि अदबीने दाजींकडे बघायचे. दाजी बिचारे रिवाज म्हणून तोंड उघडायचे, मिटायचे. बाबा मान डोलावून पुढे सुरू करायचे. लोक आधी हसले. मग एका बाईने पदराने डोळे पुसले. बाबांचा आवाज खाली आला. आणि एकदम सगळी मंडळी वळून पुढच्या चटईवर बसलेल्या आक्काकडे बघायला लागली!

आक्काने तोंडावर पदर घेतला. तिचे खांदे हलत होते. हसत होती की रडत होती, मला कळेना. मी तिचा पाठचा भाऊ, पण खरंच कळलं नाही.

उपासना संपली. एरवी लोक बिशपचा हात हातात घ्यायला रांग लावतात. त्या दिवशी सगळ्या बाया आधी आक्काकडे गेल्या. तिचे हात धरले, एकीने गालावरून हात फिरवला. मग दाजींकडे वळल्या. एका म्हाताऱ्याने तर बिशपच्या पाठीत चांगली थाप मारली आणि डोळा मिचकावला!

दाजींनी वेस्ताबाबांना कोपऱ्यात ओढलं. सगळा जोर लावून कुजबुजले, "मी काय बोललो?"

बाबांनी हात जोडले. "माले काय ईचारतस, साहेब? मी ते फक्त भाषांतर करं."

जीपमध्ये दाजींनी आक्काला खुणेने विचारलं. आक्का खिडकीबाहेर बघत राहिली. अक्कलकुवा आलं, गेलं, तरी बघतच राहिली. दाजींचा आवाज परत आला तेव्हा तोंडातून पहिला प्रश्न निघाला तो हाच. आक्का म्हणाली, "येवढा लोकेसमोर कबूल करं ना तुम्ही? मंग!"

काय कबूल केलं, ते मात्र सांगेना. आजवर सांगितलं नाही.

तेव्हापासून दाजी अंदाजाने वागतात. नेमकं काय कबूल केलंय ते माहीत नाही, म्हणून सगळंच करतात. सकाळचा चहा तेच करतात. आक्काच्या गुडघ्यांना तेल चोळतात. तिच्याबरोबर भाजी आणायला जातात आणि पिशवी स्वतः धरतात. साठी उलटल्यावर अहिराणी शिकतायत, आणि ती इतकी शुद्ध बोलतात की भाजीवाल्या हसून लोळतात. परवा भांडी घासता घासता त्यांनी हळूच मागे वळून विचारलं, "अगं, झाला का आता तिसरा मुद्दा?"

आक्काने त्यांच्या हातातली कढई घेतली, उजेडात फिरवून बघितली आणि परत त्यांच्याच हातात दिली.

"आजून नही. पन चालू ऱ्हाऊ द्या."